शुद्धिपत्र

आमच्या छापखान्यात नुक्ता नव्हता.
बेळगावहून आणलेल्या खिळ्यांच्या खणांत
ळ होता ढीगभर, जो बाईंना नको होता,
आणि ज च्या पायाशी द्यायचा ठिपका, तो एकही नाही.
पहिल्या अंकाच्या तीनशे बारा प्रती
सरोजबाला निगम यांनी बाकड्यावर मांडल्या
आणि बारीक टाकाने ठिपके देत बसल्या,
तीन संध्याकाळी.
बाराव्या पानापर्यंत पोचल्या.
मग दिवाडीची शेवटची फेरीबोट चुकेल म्हणून उठल्या.
तेराव्या पानापासून जिंदगी
तशीच गेली टपालात, बिनठिपक्याची, मराठी.

मी मुद्रितशोधक. माझी हिंदी
राष्ट्रभाषेच्या परीक्षांपुरती, दुसऱ्या वर्गात.
बाई इटाव्याच्या. नवरा मुरगाव बंदरात कस्टमवर.
तो गेला, सरकारी घर गेलं,
सासरहून तार आली, या;
तेव्हा त्यांनी पिएदादला आवेलीनबायची
मागची खोली घेतली, विहिरीकडची.
का राहिलात, विचारलं एकदा.
म्हणाल्या, वहाँ सब मुझे बहू कहते हैं.

सात कादंबऱ्या. एकच खपली,
जिच्यात एक बाई नदी ओलांडायला निघते
आणि शेवटच्या पानापर्यंत ओलांडत नाही.
दिल्लीचे प्रकाशक कळवत, आता गोव्यावर लिहा,
समुद्र, दारू, परदेशी पोरी.
त्यांनी आवेलीनबायच्या डुकरावर लिहिलं,
एकशे चाळीस पानं.
परत आलं.

अंकाचं नाव ‘उतराई’.
मी म्हटलं, वा, ऋणातून मोकळं होणं.
नहीं तो, त्या म्हणाल्या, नावाड्याची मजुरी.
दोघंही जरा गप्प. प्रूफ अजून ओलं होतं.
पुढे सरकारने फेरीबोटीवर
पायी माणसाचं तिकीट माफ केलं,
त्या दिवशी हसतच दारात:
लीजिए मणेरकरजी, शीर्षक फुकट गेलं.

‘साभार परत’ त्यांनी कधी छापून घेतलं नाही.
हाताने पत्र. बिलासपूरच्या एका पोराला अकरा:
माँ को मत मारो कहानी में,
रोटी बना रही है, बनाने दो.
बाराव्या खेपेला छापली. आई जिवंत होती,
कथा तशी बेताचीच.

आमचं भांडण लिंगावरून.
मी आवाज पुल्लिंगी करायचो, आत्मा पुल्लिंगी,
त्या लाल शाईने दोघांना बाई करून परत धाडायच्या.
हमारे यहाँ तो मृत्यु भी औरत है.
आमच्यात तो पुरुष, मी म्हटलं, रेड्यावर बसून येतो.
चष्मा पुसत म्हणाल्या,
देखते हैं, मुझे लेने कौन आता है.

चवथीच्या सुट्टीत छापखाना बंद होता.
आवेलीनबायने पोदेराच्या हाती निरोप धाडला.
टेबलावर एक्केचाळीसावा अंक, अर्धा तपासलेला,
एका ओळीखाली लाल रेघ निघाली होती
ती पुढे कुठे गेलीच नव्हती.
फेरीबोटीवरून त्यांना गाडीतून आणलं.
पायी माणसाला माफ आहे.
गाडीचं तिकीट मी काढलं.

पान तीन रिकामं राहिलं, संपादकीयाचं.
निधन त्यांना चालायचं नाही, देहावसान तर नाहीच;
आदमी मरा है तो मरा लिखो.
मी एक ओळ जुळवली, रात्री, एकट्याने:
संपादक की मृत्यु हुआ.
मशीन सुरू झाल्यावर दिसलं.
थांबवता आलं असतं.

महिन्याने कटनीहून कार्ड आलं,
ग्राहक क्रमांक अठ्ठ्याऐंशी, अक्षर कापरं.
ना शोक, ना सांत्वन.
पृष्ठ ३, पंक्ति १, लिंग-दोष.
मी ते बाईंच्या फायलीत लावलं,
उत्तर द्यायच्या पत्रांत, सगळ्यांत वर.