तिसऱ्या मजल्यावरचा बल्ब

तिसऱ्या मजल्यावरचा बल्ब गेला त्याला
आता द्राक्षांचे दोन हंगाम झाले.
त्बिलिसीतल्या आमच्या जिन्यात
त्याचा विषय निघाला की माणसं हळू आवाजात म्हणतात,
चांगला होता बिचारा.

नुग्झार म्हणतो, नवा लावायला मी एका पायावर तयार आहे,
पण शिडी बेसोच्या तळघरात.
बेसो म्हणतो, शिडी काय, केव्हाही न्या,
तळघराची किल्ली एतेरीकडे.
एतेरीनं किल्ली जपून ठेवलीय,
तिसऱ्या मजल्यावरच्या कपाटात.
आणि तिथे तर, तुम्हाला माहीतच आहे,
डोळ्यांत बोट घातलं तरी दिसत नाही.

तोवर आम्ही शिकलो.
सतरा पायऱ्या, आठवी फुटकी,
बाराव्या पायरीशी लोणच्याच्या बरण्या,
वळणावर लामाराचं मांजर झोपलेलं असतं,
पायाला मऊ लागलं की सॉरी म्हणायचं.
नव्या भाडेकरूकडून हे पाठ करून घ्यायला
नुग्झारनं सलग तीन रविवार घातले.
पोस्टमन वर यायला घाबरतो म्हणून
खिडकीतून सोडायला टोपली आली,
टोपलीला दोरी,
आणि इकडची काडी तिकडे न करणारा बेसो
अख्खा हिवाळा ती दोरी वळत बसला.

मग रुस्तावीहून एतेरीचा भाचा आला. चौदा वर्षांचा.
खुर्चीवर खुर्ची ठेवून चढला
आणि बल्ब जरा पिळला.
नुसता सैल झाला होता.

उजेड पडला.

भिंतीचे पोपडे. छताला कोळ्यांच्या तीन पिढ्या.
कुठल्याशा जुन्या निवडणुकीतला एक उमेदवार
अजून आमच्याकडे बघून हसत होता.
आणि वळणावर, लामाराच्या मांजराच्या जागी,
कुणाची तरी केसाळ टोपी.

सगळे आपापल्या दारात उभे.
एतेरीनं घसा खाकरला:
रंग काढायचा म्हटलं तर किती दिवस?
बेसो बोटांवर मोजू लागला,
घासणं, लांबी, चुना, दोन हात,
आणि मोजता मोजताच दमला.

तेव्हा नुग्झार पुढे झाला.
साठी उलटलेला, गुडघ्यांनी अधू नुग्झार,
कुणी सांगितलं नसताना
दोन खुर्च्यांवर चढला,
आणि बल्ब पाव आटा उलटा फिरवला.
पावच. जास्त कशाला.

काळोखात कुणीतरी टाळ्या वाजवल्या,
कुणीतरी वाइनचं बूच काढलं.
भाचा विचारत होता, पण का, पण का?

मी सतरा पायऱ्या मोजत घरी निघालो.
वळणावर पायाला मऊ लागलं.
सॉरी, म्हटलं.