नमुना

तिसऱ्या रेल्वे गेटापाशी सकाळी साडेसातला टेम्पो ट्रॅव्हलर,
काचेवर कागद : ‘दारूची शाळा. एक दिवस. जेवणासकट.’
पैसे भाचीनं भरलेले, आणि ऐन वेळी ताप तिलाच,
म्हणून मी एकटी,
अबकारी खात्यातून निवृत्त,
एकतीस वर्षं बाटल्या मोजल्या,
जिभेला एक थेंब नाही.

सोबत हुबळीचं नवं जोडपं, निपाणीचे फार्मसीचे सर,
आणि कोल्हापूरची तीन पोरं, जी पिरनवाडीच्या आतच
विचारायला लागली, पहिली चव कधी.
‘दमानं घ्या की गा,’ सिद्राय म्हणाला.

सिद्राय आमचा गाईड. जहाजावर भांडी घासली,
मेक्सिकोत उतरला तो दोन वर्षं तिथंच,
वाहाका नावाच्या मुलखात
एका म्हाताऱ्याच्या भट्टीवर लाकडं फोडत.
आता जांबोटीच्या पुढं, काजूच्या बागेला लागून
त्याची स्वतःची पत्र्याची शेड. भिंतीवर परवाना, फ्रेममध्ये.
मी आधी तो वाचला. शिक्का सरळ, तारीख चालू.
सवय.

आधी अननसाच्या सालींचं, गूळ घालून आंबवलेलं.
‘तेपाचे म्हणतात तिकडं. आमची आई असलं टाकून द्यायची.’
मग नाचणीची बिअर, गढूळ, आंबिलीची थोरली बहीण.
सरांनी वास घेऊन वहीत काहीतरी लिहिलं.
हुबळीची मुलगी म्हणाली, चेन्नागिदे,
आणि नवऱ्याचा पेलाही संपवला.

मग मागच्या खड्ड्याकडं नेलं.
घायपात.
बांधावरची, रुळांकडेची, जिच्याकडं कुणी बघत नाही ती.
पानं छाटून उरलेला गड्डा, बैलाच्या डोक्याएवढा,
तापल्या दगडांवर चार दिवस पुरलेला.
‘ही मूळची तिकडचीच. हितं कवा आली कुणास ठाऊक.
वर्षानुवर्षं गप उभी, मग एकदाच तुरा काढती अन् मरती.’
एक तंतू उपसून दिला. चावला, तर धुरकट, गोड, रताळ्यासारखा.

‘आमचा बा हिची पानं तळ्यात कुजवायचा.
वाख काढायचा, दोर वळायचा.
बेंदराला अख्ख्या गावच्या बैलांना आमचे कासरे.
आमच्या हातचा दोर चालायचा. पाणी नाही चालायचं.’
घाटाचं अंतर सांगावं तसं सांगितलं त्यानं.
‘नायलॉन आलं, तवा बा गुळाची गाळायला लागला.
एकदा धाड पडली.’

गावाचं नाव सांगितलं, आणि माझ्या हातातला
मातीचा पेला जड झाला.
सत्त्याऐंशी. नोकरीचं तिसरं वर्ष.
पंचनामा मी टाईप केलेला, मधे कार्बन :
मडकी दोन. तांब्याची नळी एक. नवसागर पाव किलो.
आरोपी भरमाण्णा. नमुना सीलबंद.
धंद्याच्या रकान्यात दोर लिहायचा होता,
‘हग्ग’ हा शब्द मी तेव्हा साहेबांना विचारून घेतला होता.

‘नळी परत मिळाली का?’ मी विचारलं.

सिद्राय माझ्याकडं बघत राहिला.
नळीचं तो काही बोललाच नव्हता.

‘नाही, बाई. मडकी फोडली. नळी ऑफिसात ऱ्हायली.’
मग माझा पेला घेतला, थोडं जमिनीवर सांडलं,
‘पहिला घोट हिचा, तिकडची रीत,’
आणि पुन्हा भरून दिला.
इतरांपेक्षा बोटभर जास्त, की मलाच वाटलं.

प्यायले.
आधी जाळ, मग धूर,
मग बराच वेळ काहीच नाही.

येताना सगळी पोरं झोपली.
रात्री भाचीचा फोन : कसं होतं गं मावशी?
‘शिक्का सरळ होता,’ म्हटलं.

पान कधी लागलं कळलं नव्हतं,
मनगटाला खाज सुटली ती सुटलीच.
खोबरेल लावलं, ताक लावलं.
पहाटेपर्यंत अंधारात खाजवत बसले होते,
मडकी दोन,
नळी एक.