दम

"फुप्फुसंच नाहीत? मग हा दमतो कशानं?"
असं विचारून ओनोफ्रे गुरुले स्वतःच
दमून फरच्या बुंध्याला टेकतात.
चढ तसा फार नाही. वय आहे,
शिवाय एकतीस वर्षं छातीत साठलेला
लाकूडगिरणीचा भुसा.

मी वहीत लिहिते: नऊ वीस. हवा बारा अंश.
माती ओली, बोटभर खोल.
सापडलेले: अजून काही लिहीत नाही.

आमचं काम लाकडं उलटण्याचं.
पडलेली, कुजलेली, आतून विटेसारखी लाल,
गिरणीनं ज्यांना दारात उभं केलं नसतं अशी.
उलटायचं, वाकायचं, बघायचं,
आणि होतं तसं ठेवायचं.
त्याच खळग्यात, शेवाळाची बाजू वर,
झोपलेल्या पोराची कूस बदलावी तसं,
मी त्यांना पहिल्या दिवशी सांगितलं.
"पोरी, मला सहा मुलं झाली," ते म्हणाले,
"एकाचीही कूस मी बदललेली नाही. रुफिनानं बदलली."
आणि दुपारभर माझ्याहून हलक्या हातानं
लाकडं ठेवत गेले.

हेमेसच्या ह्या डोंगरांखेरीज तो कुठेच नाही.
समोरची रांग दिसते, निळी, तासाभराच्या वाटेवर,
पण मधली दरी कोरडी.
कातडीनं श्वास घेणाऱ्याला
कोरडं म्हणजे गळा दाबल्यासारखं.
म्हणून तो इथेच, निवलेल्या ज्वालामुखीच्या काठावर,
वर्षातले बरेच महिने दगडांच्या फटीत, खोल,
दम धरून.

पल्याडचा उतार वणव्यात गेला.
तिथे आम्ही उन्हाळाभर कोळसा उलटला.
रोज शून्य.
ओनोफ्रे म्हणाले, कशाला लिहितेस, रिकामं सोड की.
मी म्हटलं, रिकामं म्हणजे बघितलंच नाही.
शून्य म्हणजे बघितलं.
त्यांनी पेन्सिल मागून घेतली
आणि त्या दिवसाचं शून्य स्वतः काढलं,
थोडं वाकडं, पण पूर्ण मिटलेलं.

आज त्रेसष्टाव्या लाकडाखाली
ते नुसतंच "पोरी" म्हणाले, देवळात बोलावं तसं.

पेन्सिलीएवढा. ओल्या मातीचाच रंग,
आणि पाठीवर कुणीतरी पितळ कानसून
त्याचा कीस भुरभुरल्यासारखा.
गळ्याखाली काहीतरी भराभर हलत होतं.
त्यांचा हात आपोआप पुढे गेला.
"नको," मी म्हटलं, "आपल्या तळव्याची ऊब
त्याला चटक्यासारखी."

हात तसाच थांबला, हवेत.
"रुफिना जन्मभर म्हणायची," ते म्हणाले,
"तुमचे हात म्हणजे मढ्याचे."

ओल्या पिशवीत घेतलं. मापलं. दीड ग्रॅम.
मागच्या पायाचं पाचवं बोट नावापुरतं.
ओनोफ्रेंनी आपला डावा पंजा पिशवीशेजारी धरला,
करवतीनं आखूड केलेली करंगळी,
आणि अगदी गंभीरपणे विचारलं,
"हा कुठल्या गिरणीत होता?"

हसायला आलं, पण पिशवी हलायला नको होती.

सोडताना आधी लाकूड ठेवायचं,
मग त्याला कडेशी. वरून झाकायचं नाही,
चिरडेल. त्याचं तो जातो.
तो गेला नाही.
पाऊस बारीक सुरू झाला, माझ्या वहीवर ठिपके,
अजून अकरा लाकडं बाकी,
मी घड्याळ बघितलं.
"दम धर," ओनोफ्रे म्हणाले, धापा टाकत.

किती वेळ, ते मी नोंदवलं नाही.
मग डोकं आत, मग पाय, मग शेपटीचं टोक,
मग फक्त लाकूड.

रकान्यात मी एक लिहिला.
त्यांनी वाकून तपासला.

उतरताना ओढा लागला तिथे ते थांबले,
बाह्या सारल्या,
आणि दोन्ही हात मनगटापर्यंत बुडवून बसले.
मी विचारलं, काय झालं?
"काही नाही," म्हणाले, "उद्यासाठी गार करतोय."