फितींची गाडी

दर मंगळवारी पहाटे चारला गाडी जुंपायची.
त्सीफेन ते बाझेल, दोन घोडे, एक कंदील,
मेणकापडाखाली पेट्या, पेट्यांत रेशमी फिती:
पारव्या, डाळिंबी, आणि एक रंग असा
की गावात त्याला नावच नव्हतं.
आम्ही त्याला 'शहरातला' म्हणायचो.

मी विणकर नव्हे. मी नेणारा-आणणारा.
जाताना फीत, येताना सूत,
आणि कोटाच्या खिशात लोकांचे निरोप:
सालोमे रेखरला जाड भिंगाचा चष्मा हवाय,
प्लाटनरच्या पोरीसाठी शहरात काम बघा,
पेढीला सांगा, सूत हल्ली फार तुटतं.
चष्मा आणला. बाकीचं नुसतं सांगितलं.

पेढीच्या मागल्या दारी तराजू.
कारकून बुर्गी, नखं अगदी स्वच्छ.
दिलेलं रेशीम इतकं, आलेली फीत इतकी,
मधे हरवलं ते मजुरीतून वळतं.
चार ग्रॅम, सालोमेच्या नावावर.
"धूळ झाली असेल," मी म्हणालो.
"रेशमाची धूळ होत नाही."
होते. मी पाहिली होती तिच्या घरात,
खिडकीतल्या उन्हात तरंगताना,
पाळण्यातल्या पोरीच्या पापणीवर बसताना.

माग पेढीचा. जागा सालोमेची.
घरातली एकुलती उजेडाची खोली त्यानं घेतलेली,
भिंतीपासून भिंतीपर्यंत,
एका दमात चोवीस फिती विणणारा.
माणसं त्याच्या कडेकडेनं जगायची,
अंग चोरून जेवायची, अंग चोरून भांडायची.
बाळंतपणसुद्धा त्या खडखडाटातच:
माग थांबला तर मजुरी थांबते,
म्हणून नवरा विणत राहिला आणि मुलगी झाली.
खिडकी उघडायची नाही, रेशमाला वारा सोसत नाही.
सालोमे स्वतःची वेणी सुतळीनं बांधायची.

कुठे जातात गं बाई या फिती, ती विचारायची,
मला नव्हे, फितीलाच.
मी पेटीवरचे शिक्के वाचून दाखवायचो:
पॅरिस. लंडन. न्यूयॉर्क.
टोप्यांवर जातात, म्हणायचो.
कुणाच्या?
ज्यांना वारा सोसतो त्यांच्या.

मग पेट्या हलक्या झाल्या.
आधी एक घोडा विकला.
बुर्गी म्हणाला, बायकांनी केस कापलेत.
कुठल्या बायकांनी?
तिकडच्या. सगळ्यांनीच. टोपी आता घंटेसारखी,
कानांपर्यंत घट्ट, फितीला जागाच नाही.
परतीच्या चढावर घोड्याशी बोलत आलो,
हे गावात सांगायचं कसं.
केसानं गळा कापतात, ऐकून होतो.
इथे कापलेल्या केसांनीच कापला,
आणि रक्त कुठे नाही,
फक्त पेढीचं पत्र, टंकलेलं, दोन ओळींचं:
लोखंड परत पाठवा.
लाकूड तुमचं.

ते लाकूड सहा आठवडे जळलं.
इतकं ऊबदार घर त्यांना ठाऊक नव्हतं,
लाज वाटावी इतकं.

हल्ली मी दुधाचे कॅन नेतो.
परवा सालोमेनं आत बोलावलं.
जमिनीवर चार चौकोन, आजूबाजूच्या फळ्यांहून फिकट.
मागाचा एवढाच माग.
बाकी खोली रिकामी, खिडकी सताड उघडी,
आणि ती कॉफीचा पेला छातीशी धरून
भिंतीला खेटत खेटत येते आहे.
"अगं, मधून ये की."
तिनं मधल्या जागेकडे पाहिलं,
कुणी झोपलंय तिथं, तसं.

निघताना हातात तपकिरीची डबी दिली.
माग हलवला तेव्हा खालून झाडून काढलं म्हणाली,
वीस वर्षांचं आहे.
बुर्गीला दे. तोल म्हणावं.

पेढीच्या दारावर दुसरीच पाटी होती, विम्याची.
तरी मी घंटा वाजवली.
मग डबी बैठकीखाली ठेवून दिली, कॅनांच्या शेजारी.
गाडी खडबडली की कॅन वाजतात.
ती वाजत नाही.