खिंडीत बाराशे ऐंशी अंश

ओमालोच्या शाळेच्या छपरावर एक राउटर आहे,
चार एमबीचा जीव.
कंपनीने त्याला केव्हाच वाऱ्यावर सोडलंय.
आम्ही त्याचं मूळ फर्मवेअर पुसलं,
आणि ज्याचा कोड कुणीही उघडून पाहावा असं नवं घातलं.

गेला आठवडाभर मी त्याच्यासाठी एक पॅकेज बांधतेय.
काम एवढंच: अबानो खिंडीतल्या खांबाकडून
दर दहा मिनिटांनी तापमान आणायचं,
मेंढ्या खाली न्यायच्या आधी कळावं
रस्ता गोठलाय की नाही.

माझा लॅपटॉप एका जातीचा, राउटर दुसऱ्या.
बांधायचं इथे, चालायचं तिथे.
शेजारी म्झेकला लोकरीचे जोडे विणते,
अलाझानीपल्याड गेलेल्या दिरासाठी.
पाय समोर नाही,
माप तेवढं दोऱ्याला गाठ मारून ठेवलेलं.
"माझंही असंच," मी म्हणते.
ती मान हलवते,
पटलं म्हणून की कीव येऊन, कळत नाही.

सोलरची बॅटरी एकतीस टक्के.
पडद्यावरून ओळी सरपटत जातात
आणि चूक त्यांच्या गर्दीत बेपत्ता.
मग यंत्राला सांगावं लागतं,
एका वेळी एकच काम कर, आणि काय करतोस ते मोठ्याने बोल.
तेव्हा सापडतं:
मेकफाइलमध्ये टॅबच्या जागी आठ स्पेस.
डोळ्यांना दोन्ही सारखेच.
अर्धी रात्र.

मग जागा.
राउटरवर शिल्लक दोनशे बारा केबी,
पॅकेज दोनशे चाळीस.
एक लायब्ररी काढली, मदतीचा मजकूर काढला,
रागाने माझं नावही काढलं
(त्याने काही फरक पडला नाही).
एकशे सत्त्याण्णव. मावलं.

रविवारी छपरावर चढवलं. चाललं.
पहिलाच आकडा आला:
खिंडीत बाराशे ऐंशी अंश.

जोतोने नमद्याची टोपी मागे सारली.
"म्हणजे मेंढ्या भाजूनच खाली येतील."
गावाला तो विनोद संध्याकाळपर्यंत पुरला.

रात्री उलगडा झाला.
खांबावरचं यंत्र संख्येची धाकटी बाजू आधी पाठवतं,
लॅपटॉपही तसाच वाचतो,
म्हणून घरी सगळं बिनचूक.
राउटर थोरलीला आधी मान देतो.
पाच अंश निघाले होते खिंडीतून,
याने ते उलट्या टोकाकडून धरले.
खोटं कुणीच बोललं नव्हतं.

एक ओळ घातली.
रिलीजच्या एकाचा दोन केला.
माझं नाव परत लिहिलं.

पहाटे: उणे दोन.
जोतोने आकडा वाचला,
तरी बाहेर जाऊन डोंगराकडे बराच वेळ पाहिलं,
आणि मेंढ्या उद्यावर ढकलल्या.
जाता जाता म्हणाला,
"दार्तलोला माझ्या मेहुण्याकडेही बसव हे."

"त्याचा राउटर कुठला?"

तो थांबला. खूप विचार केला.

"निळा," म्हणाला.