दोन ते आठ अंश

वसमत रोडच्या मेडिकलवर मी काउंटरच्या आत असते.
माझ्याकडे काचेच्या दाराचा एक फ्रिज आहे
आणि एक वही. सकाळी नऊ, दुपारी दोन, रात्री नऊ,
तापमान लिहायचं. दोन ते आठ अंश.
इन्सुलिन, धनुर्वाताच्या लशी, डोळ्यांचे थेंब,
आणि चैत्रापासून
अमजदच्या मेव्हण्याने दुबईहून आणलेलं
पिस्त्याचं चॉकलेट, नग एक.

मोबाइलवर कुणीतरी ते मोडतं, आतून हिरवं ओघळतं,
एवढं सगळ्या परभणीने पाहिलेलं.
"ठिवा ताई. बेचाळीसमंदी माणूस इरघळायलाय,
त्याची काय गत."
ठेवलं. चुकलंच माझं.

पहिल्यांदा अठराशेला गेलं, दिगंबर पूर्णेकरला.
न्यायला आलाच नाही. फोनवर म्हणाला,
तिथंच राहू द्या, फक्त माझ्या नावाची चिठ्ठी लावा.
आठ दिवसांत चिठ्ठी बदलली : तेवीसशे, कासलीवाल ड्रेसेस.
मग एकतीसशे, गंगाखेडचे कुणी सावंगीकर.
हे मात्र स्वतः आले, स्थळ बघायला आल्यासारखे
स्टुलावर बसले, चहा घेतला,
दाराच्या काचेतून फोटो काढून परत गेले.
मी चिठ्ठीवर चिठ्ठी डकवत राहिले.
माल जागचा हलला नाही.
जिंतूर रोडच्या प्लॉटांचं असंच असतं,
दगड तोच, बाभळ तीच,
सातबाऱ्यावर तेवढी माणसं सरकतात.

चार हजारांना गिऱ्हाईक मिळेना
तेव्हा आमच्या डिलिव्हरीच्या रंगनाथने तोडगा काढला :
गुंठेवारी.
चोवीस चौकोन, चौकोनी दोनशे,
कॉर्नरचे चार, अडीचशे.
नकाशा काढून फ्रिजला चिकटवला, विकले तिथे हिरवी टिक.
न मोडता सतरा गेले.
"जगात दुबई, भारतात परभणी," रंगनाथ म्हणाला
आणि माझ्याकडून ओआरएसची पुडी उधार घेऊन गेला.

मे महिन्यात एका शुक्रवारी डीपी जळाला.
सकाळी अकराला गेलेली लाइट रात्रीपर्यंत नाही.
इन्व्हर्टरने दोन तासांत मान टाकली.
स्कूटीच्या पुढ्यात बर्फाची लादी घेऊन आले,
पोत्यातून पाणी पायांवर, रस्ताभर.
थर्मोकोलच्या पेटीत इन्सुलिन मावलं, लशी मावल्या.
चॉकलेटला जागा होती. थोडी होती.
मी झाकण लावलं.

संध्याकाळी जुलेखाबी आल्या, महिन्याची बाटली न्यायला.
त्यांचा मुसद्दिक तिकडेच कुठल्याशा गोदामात
खोक्यांवर लेबलं लावतो, बारा तास.
"यइच है क्या वो? उन्ने बी खाया नै अब्बी तक."
डबा एका अंगाने मऊ पडला होता.
का कोण जाणे, मी फोडला.
सतरा मालकांची जमीन एक झाली होती,
बांध नाही, कॉर्नर नाही.

बोटाच्या टोकावर तिळाएवढं घेतलं त्यांनी,
साखर साडेतीनशेवर असते म्हणून तिळाएवढंच.
डोळे मिटले. उघडले.
"सेवयां हैं गे बेटी. घी में तले सो सेवयां.
ऐसे तो मैं ईद को परातभर करती."
मग किंमत विचारली. मी सांगितली.
"उसके कित्ते दिनां हुए?"
मी कॅल्क्युलेटर काढला,
आणि परत खणात ठेवून दिला.

रात्री नऊला वहीत खरं लिहिलं : चौतीस.
सतरा जणांचे पैसे माझ्या पगारातून, तीन हप्ते.
रंगनाथ अजून बोलत नाही.

सोमवारी सावंगीकरांचा फोन आला.
झालं ते झालं म्हणाले, रिकामा डबा तरी आहे का,
नऊशे देतो.

डबा जुलेखाबी घेऊन गेल्या होत्या.
सुया ठेवायला.