विस्तवाशिवाय

विस्तव लागत नाही, ती म्हणाली,
म्हणून तर तुम्हांला सांगतेय.
लेकीच्या बाळंतपणाला उप्सालाला गेलेली कुमुदिनी.
पाच महिन्यांत मी तीनदा दूध उतू घालवलं
आणि एकदा रिकामं भांडं तापत ठेवून
डिचोलीच्या बाजारात गेलो,
हे तिला शेजारच्या शकुनने कळवलेलं.

इथली पोरं म्हणे बालवाडीत करतात.
हात धुवायचे, कालवायचं, वळायचं.
संपलं.
ओट्स आहेत ना घरात?

आहेत. डॉक्टर वाघळ्यांनी लिहून दिलेले.
दोन सकाळी खाल्ले, मग तो डबा
नाचण्याच्या पिठामागे सरकवला.
जी साखर टाळायला आणले
तिच्यातच आज कालवायचे,
हे मी बोललो नाही.

लोणी शंभर ग्रॅम,
तासभर आधी बाहेर काढा, मऊ व्हायला,
म्हणाली, आणि स्वतःच हसली.
मे महिना. सकाळपासून वीज नाही.
मी फ्रीज उघडेपर्यंत लोणी
माझी वाट बघून पसरलं होतं.

साखर एक डेसी.
म्हणजे किती गे?
म्हणजे तुमचा चहाचा पेला, काठाला बोटभर कमी.
ओट्स तसे तीन.
कॉफी गार, दोन चमचे.

मग कोको. पुडा फाडताना हिसका बसला
आणि ओटा, खिडकीची चौकट, कॅलेंडरवरचा मंगेश,
सगळं तपकिरी.

मी उभाच राहिलो.
सत्तावीस वर्षं हाच रंग घरी आणला मी
कॉलरमधून, कानांच्या पाळ्यांमागून,
खाणीवरून सारमानसच्या धक्क्यावर
दिवसाच्या सात खेपा मारून.
ती दोन वेळा खिडक्या पुसायची.
खाणी बंद झाल्या त्या वर्षी एका दुपारी
फडका पांढराच राहिला,
तर तो हातात धरून
मोरीपाशी बराच वेळ उभी होती.
मी काही विचारलं नव्हतं.

आता फोनमधून बघितलं तिने.
ओल्याने नका पुसू, म्हणाली, चिखल होईल.

गोळा वळेना. बोटांना चिकटे, तळव्यावर विरघळे.
माझे इथे पटापट होतात, म्हणाली, हात गार असतात ना.
तुमचे पहिल्यापासून ऊन.
मग थोडा वेळ
फोनमध्ये कुणीच नव्हतं.
मागे बाळ कुरकुरलं.

माठात हात बुडवले. पुन्हा बसलो.
एक वर्ष मी पेलेटही वाहिले होते, खनिजाच्या गोळ्या,
काळसर, चिंचोक्याएवढ्या,
बार्जमध्ये ओतताना ताटात हरभरे सांडल्यागत वाजणाऱ्या.
जावई सांगतो, तिथेही वर उत्तरेला लोखंडाची खाण आहे,
बर्फाखाली.
मग तिथल्या बायकाही पुसत असतील, ती म्हणाली,
आणि खोबऱ्याकडे वळली.

ओलं खोवू नका, आंबेल.
कपाटावरची सुकी वाटी घ्या, बारीक किसा.
इथे पाकिटातून येतं ते, नुसता लाकडाचा भुसा,
तरी ही माणसं कौतुकाने घोळवतात.

एकोणीस झाले.
पहिला चिकूएवढा, शेवटचा बोराएवढा,
मधला एक चौकोनी, कसा कोण जाणे.
शकुनचा पोरगा चार घेऊन गेला,
कुठल्या दुकानातले, विचारत होता.
मी दुकानाचं नाव सांगितलं नाही.

रात्री साडेदहाला वीज आली, फ्रीज घरघरला.
तिकडे म्हणे अजून उजेड होता.
उरलेले डब्यात भरले. वर चिठ्ठी चिकटवली,
चौदा जून, तिच्या विमानाची तारीख.
आठवडाभर टिकतात, सांगितलं होतं तिने.
आज एकवीस मे.

मोजलं. पुन्हा बोटांवर मोजलं.
मग उभ्याउभ्या एक खाल्ला, चौकोनी तो,
आणि पिठामागचा डबा काढून
कानाशी हलवून बघितला.
अजून एका खेपेपुरते आहेत.